जमीन आणि तिच्या मर्यादा (लेखांक 5) : खाजनाचा मालक

1978च्या 44व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढून अनुच्छेद 300अमध्ये नेला, हे मागच्या लेखात आलं. कायद्याच्या आधाराशिवाय कुणाची मालमत्ता काढून घेता येत नाही, एवढं संरक्षण त्यात उरलं. पण सरकारने जमीन घेतलीच नाही, उताऱ्यावर नाव मालकाचंच राहिलं, फक्त भराव टाकायला आणि घर बांधायला मनाई झाली, तर? काही काढून घेतलं गेलं की नाही? गोव्याच्या खाजन जमिनीत या प्रश्नाला पाय टेकायला जागा मिळते, म्हणून आज तिथे जाऊ.

मांडवी, जुवारी आणि त्यांच्या खाड्यांच्या काठची कांदळवनाची दलदल बांधाने अडवून काढलेली शेती म्हणजे खाजन. असं क्षेत्र सुमारे 17 ते 18 हजार हेक्टर धरलं जातं, आणि त्यातली पुष्कळशी जमीन भरतीच्या पातळीखाली आहे. बाहेर खाडी, आत भात, मध्ये चिखल, पेंढा आणि जांभ्या दगडाचा बांध. सारी मदार बांधातल्या पाणदारावर, म्हणजे मानशीवर. भरती चढली की मानशीची लाकडी दारं पाण्याच्या दाबानेच मिटतात आणि ओहोटीला आतलं पाणी ती उघडून बाहेर पडतं. पावसाने जमिनीतलं मीठ धुतलं की खारं सोसणारं कोरगूट भात लागतं. आतल्या पोंयीत, म्हणजे तळ्यात, मासळी असते आणि मानशीवर जाळं लावण्याच्या हक्काची पावणी, म्हणजे लिलाव, होते. अशा ठिकाणी ‘माझं शेत’ हे शब्द अर्ध्यापुरतेच खरे. बांध एका जागी फुटला की खारं पाणी सगळ्यांच्या भातात शिरतं. एकाने भराव टाकला की त्याच्या वाटचं पाणी शेजाऱ्याकडे तुंबतं. म्हणूनच गांवकरीच्या, म्हणजे गावाच्या सामाईक जमीन-संस्थेच्या (पोर्तुगीज अमदानीतल्या कोमुनिदादच्या), व्यवस्थेत खाजन कसण्याबरोबर बांध राखणंही येत असे. मासळीच्या लोभाने मानशीतून खारं पाणी जास्त आत घेणाऱ्या ठेकेदाराविरुद्ध भातवाल्यांची तक्रार आजही ऐकू येते, आणि तिचं मूळ याच परस्परावलंबनात आहे.

माझं म्हणणं असं की, खाजनात भराव टाकण्याचा हक्क मालकीत कधी नव्हताच. त्यामुळे तो काढून घेतल्याची तक्रार टिकत नाही. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1992 साली लुकास खटल्यात साउथ कॅरोलिनाच्या किनाऱ्यावरच्या बांधकामबंदीचा विचार करताना जवळपास हीच रेघ ओढली. बंदीमुळे जमिनीचं सगळं आर्थिक मोल संपत असेल तर सरकारने भरपाई द्यावी. मात्र ती मर्यादा मुळात त्या मालकीतच असेल तर भरपाईचा प्रश्न येत नाही. ते न्यायालय मालमत्तेच्या बाजूने झुकलेलं असूनही एवढं त्याने मान्य केलं. खाजनात तर बांधाचा धर्म आजच्या कुठल्याही अधिसूचनेहून जुना आहे.

यावरचा सर्वांत टोकदार आक्षेप कुळांचा आहे. 1964च्या कूळ कायद्यातल्या 1976च्या दुरुस्तीने कुळं मालक झाली. पुढे 1991च्या भूवापर नियमन कायद्याने अशा कुळांच्या जमिनी शेतीखेरीज कशालाही वापरायला मनाई केली. भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, हाती उरलेल्या जमिनीला मात्र हा कायदा लागू नाही. घाम गाळून मिळालेल्या जमिनीला कुलूप आणि मोठ्या मालकाची मोकळी, हा भेदभाव नाही का? आहे, आणि तो मान्यच केला पाहिजे. पण म्हणून कुळालाही भराव टाकू द्यायचा, तर बुडणारं शेत पुन्हा दुसऱ्या कुळाचंच असणार. मर्यादा जमिनीच्या जातीवर हवी, मालकाच्या जातकुळीवर नको. 2011च्या किनारी नियमन क्षेत्राच्या अधिसूचनेने ती दिशा धरली : खाजनांचे नकाशे करावेत आणि तिथे विकासकामांना परवानगी देऊ नये. याच्या नेमकं उलट, 2024 साली नगरनियोजन कायद्यात घातलेल्या 39अ कलमाने एकेका अर्जावर एकेका भूखंडाचा झोन बदलण्याची वाट उघडली. जिथे पाणी सगळ्या शेतांचा मिळून विचार करतं, तिथे भूखंडागणिक निर्णय घेणं धोक्याचं आहे.

दुसरा आक्षेप पोटाचा आहे, आणि तिथे मी बराचसा मालकाच्या बाजूने आहे. भातशेती परवडत नाही, मजूर मिळत नाहीत, जमीन पडीक राहते, बांध खचतो. खारं पाणी आत येतं आणि दोन-चार वर्षांत शेतात खारफुटी उभी राहते. आता तीही संरक्षित. मुंबई उच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्या कांदळवनांबद्दल 2018 साली दिलेल्या निकालात त्यांच्या नाशाचा संबंध थेट अनुच्छेद 21शी जोडला आणि जमीन खासगी असली तरी संरक्षण कायम ठेवलं. तत्त्व म्हणून ते योग्यच आहे. पण ज्याचं भातशेत न दुरुस्त झालेल्या बांधामुळे खारफुटीखाली गेलं, त्या शेतकऱ्याच्या हाती ना शेत उरतं ना भरपाई. इकडे 2017च्या पाणथळ नियमांनी भातशेती व्याख्येतूनच वगळल्यामुळे त्या नियमांचा आधारही खाजनाला नाही.

बांधाची जबाबदारी मालकीत होती असं म्हणताना ती तेव्हा कोण उचलत होतं, हे विसरून चालणार नाही. गांवकरीकडे माणसं होती, मानशीचं उत्पन्न होतं. कुळं मालक झाल्यावर ते काम कुळ संघांकडे आलं. त्यातल्या अनेकांकडे ना पैसा ना माणूसबळ. मग भराव टाकू नका असं बजावणाऱ्या सरकारने पावसाळ्यापूर्वी बांध तपासून दुरुस्त करून द्यावेत, मानशीच्या पावणीचा पैसा आधी बांधाला लावावा आणि बांध फुटल्याची तारीख नोंदवून ठेवावी. ती नोंद असेल, तरच नंतर उगवलेली खारफुटी हे जुनं कांदळवन आहे की मोडलेल्या बांधाचा परिणाम, हे शेतकऱ्याला दाखवून देता येईल.