बेघर मुलगी घरे विकते तेव्हा

दलाल हा शब्द आपल्या घरांत फारशा इज्जतीने घेतला जात नाही. 'तो काय, दलाली करतो' असे म्हणताना आपला सूर आपोआप खाली येतो. शब्द मात्र मूळचा अरबी आहे आणि त्याचा अर्थ वाट दाखवणारा, हात धरून नेणारा असा आहे. दलील हा शब्दही त्याच मुळातला. घराची वाट दाखवणारा माणूस कसा आहे, यावर एखाद्या कुटुंबाची पुढची वीस वर्षे अवलंबून असू शकतात. भाड्याचे घर शोधताना फोनवर सगळे ठरलेले असते, नाव सांगितल्यावर पलीकडचा आवाज बदलतो आणि 'मालकाने कालच दुसऱ्याला दिले' असे उत्तर येते. हा अनुभव आम्हाला स्वतःला आला आहे. आमच्या वाचकांपैकी किती जणांना आला असेल, हे वेगळे विचारायला नको.

या अंकात आम्ही अशाच एका घर दाखवणाऱ्या बाईची हकिकत सांगणार आहोत. ती आहे दूर अमेरिकेतली, आणि आधी होती टीव्हीवरची नटी. विषय सुचला तो घरातल्या मुलींमुळे. नेटफ्लिक्सवर 'सेलिंग सनसेट' नावाचा कार्यक्रम त्या डोळे न हलवता पाहतात. उंच टाचांचे बूट, टेकडीवरचे काचेचे बंगले, स्वयंपाकघरापेक्षा मोठी न्हाणीघरे. सुरुवातीला आम्ही नाके मुरडली. पुढे त्यातल्या क्रिशेल स्टाउस या बाईचे बालपण कळले आणि आम्हीही पाहू लागलो.

क्रिशेलचा जन्म २१ जुलै १९८१ रोजी केंटकी राज्यातल्या ड्रॅफनव्हिल या लहानशा गावचा. नावामागची गोष्ट ती स्वतःच सांगते. आईला कळा सुरू झाल्या तेव्हा कुटुंब प्रवासात होते आणि गाडी शेल कंपनीच्या पेट्रोल पंपावर उभी होती. तिथल्या क्रिस नावाच्या कामगाराने मदत केली. क्रिस आणि शेल मिळून झाले क्रिशेल. आपल्याकडेही कुणाचे नाव ईदच्या चांदरातीवरून पडते, तर कुणाचे महापुराच्या वर्षावरून. पेट्रोल पंपावरून पडलेले नाव मात्र आम्ही पहिल्यांदाच ऐकले.

ही गोष्ट हसून सांगण्यासारखी आहे. पुढची नाही. तिच्या लहानपणी कुटुंबावर बेघर होण्याची पाळी आली. छप्पर नाही, पत्ता नाही, आणि तरी सकाळी शाळेत जायचे. हे ती बरीच वर्षे फारसे बोलली नव्हती. कोट्यवधींचे बंगले दाखवताना कॅमेऱ्यासमोर बोलली, आणि कार्यक्रमातल्या इतर कोणत्याही भांडणापेक्षा लोकांच्या लक्षात हेच राहिले. गरिबी सांगायला लाज वाटते, हे आम्ही जाणतो. आपल्याकडेही चाळीतल्या दहा बाय दहाच्या खोलीत वाढलेली माणसे पुढे फ्लॅटमध्ये गेली की त्या खोलीचे नाव काढत नाहीत.

तिने २००३ मध्ये केंटकीतल्याच मरे स्टेट विद्यापीठातून नाट्यशास्त्राची पदवी घेतली. घरात हलाखी असलेली मुलगी नाटक शिकते म्हटल्यावर आपल्याकडे चार शहाणी माणसे समजूत काढायला आली असती. तिकडेही आली असतील. पण दोनच वर्षांत, २००५ मध्ये, तिला 'ऑल माय चिल्ड्रन' या मालिकेत अमांडा डिलनची भूमिका मिळाली.

या मालिकेविषयी थोडे सविस्तर सांगायला हवे, कारण क्रिशेलच्या पुढच्या आयुष्याची किल्ली तिथे आहे. 'ऑल माय चिल्ड्रन' एबीसी वाहिनीवर ५ जानेवारी १९७० रोजी सुरू झाली. आठवड्याचे पाच दिवस दुपारी एक भाग. घरातली कामे उरकून बायका टीव्हीसमोर बसत. सुरुवातीच्या काळात साबणाच्या कंपन्या अशा मालिकांना पैसे पुरवत, म्हणून त्यांना तिकडे आजही सोप म्हणतात. अशा मालिकेत काम मिळणे म्हणजे नटासाठी जवळजवळ सरकारी नोकरीच. काही जण तीस-चाळीस वर्षे एकच पात्र करत. सुझन लुची या अभिनेत्रीने तर पहिल्या वर्षापासून शेवटपर्यंत एरिका केन रंगवली.

पण क्रिशेल आत आली तेव्हा या घराची भिंत तडकू लागली होती. बायका नोकरीला बाहेर पडल्या होत्या, वाहिन्या शेकड्यांनी वाढल्या होत्या, दुपारचा प्रेक्षक पांगला होता. रोज एक भाग काढायचा तर खर्च मोठा, आणि गप्पांचा किंवा स्वयंपाकाचा कार्यक्रम त्याहून कितीतरी स्वस्त. बहात्तर वर्षे रेडिओवर आणि टीव्हीवर चाललेली 'गायडिंग लाइट' २००९ मध्ये बंद पडली. 'अ‍ॅज द वर्ल्ड टर्न्स' २०१० मध्ये गेली. 'ऑल माय चिल्ड्रन'चे चित्रीकरण खर्च वाचवण्यासाठी न्यूयॉर्कहून लॉस एंजेलिसला हलवले गेले, तरीही २३ सप्टेंबर २०११ रोजी एबीसीने तिचा शेवटचा भाग दाखवला. एकेचाळीस वर्षांचा संसार असा आवरला. कलाकार, लेखक, रंगभूषाकार, कपडेपट सांभाळणारे, सगळ्यांना नवी रोजी शोधावी लागली.

क्रिशेलला नंतर कामे मिळाली नाहीत असे नाही. २०१३ पासून ती 'डेज ऑफ अवर लाइव्ज'मध्ये जॉर्डन रिजवे झाली. मग एका मालिकेत थोडे, दुसरीत थोडे. बाहेरून पाहणाऱ्याला वाटते, टीव्हीवर दिसते म्हणजे पैसा असणारच. कधी काम, कधी नुसती वाट पाहणे, यावर घरभाडे कसे भागते ते त्या घरालाच ठाऊक असते. तिला तर बेघर होणे म्हणजे काय हे पुस्तकातून शिकायचे नव्हते.

आपल्या मुलांना आम्ही एक गोष्ट मुद्दाम सांगू इच्छितो. टीव्हीवर बंगल्याचे दार उघडताना दिसते, त्याआधीचा अभ्यास दिसत नाही. कॅलिफोर्नियात घरांचा व्यवहार करायला राज्य सरकारचा परवाना लागतो. त्यासाठी तीन अभ्यासक्रम, मिळून १३५ तास. मग दीडशे प्रश्नांची परीक्षा, आणि उत्तीर्ण व्हायला सत्तर टक्के. परवाना चार वर्षांचा, पुढे पुन्हा शिकून नूतनीकरण. कोणाकडे परवाना आहे आणि कोणाकडे नाही, हे कोणीही सरकारी यादीत शोधू शकतो. आपल्याकडेही २०१६ च्या रेरा कायद्याने एजंटांना नोंदणी सक्तीची केली आणि महारेराने पुढे त्यांना प्रशिक्षण आणि परीक्षाही लावली. घर घेताना एजंटाचा नोंदणी क्रमांक विचारायला आमच्या वाचकांनी संकोच करू नये. विचारले की समोरच्याचा चेहरा पाहावा, बरेच काही कळते.

पगाराचे म्हणाल तर पगार नसतोच. एक कोटी डॉलरचे घर विकले आणि दलाली पाच टक्के ठरली असे धरू. पाच लाख डॉलर झाले. त्यातले साधारण निम्मे विकणाऱ्याच्या बाजूला आणि निम्मे घेणाऱ्याच्या बाजूला जातात. एजंटाच्या बाजूला आलेल्या अडीच लाखांतून पेढी आपला वाटा कापते, मग आयकर, मग गाडी, पेट्रोल, जाहिरात. आणि घर विकले गेलेच नाही तर सहा महिन्यांची धावपळ फुकट. मालिकेच्या नटीसारखेच हे, आज आहे, उद्या नाही. फरक एवढाच की इथे वय वाढले म्हणून कोणी काढून टाकत नाही. उलट ओळखी वाढत जातात. अभिनेत्रीच्या बाबतीत हा फरक लहान नाही.

क्रिशेल ज्या पेढीत दाखल झाली ती जेसन आणि ब्रेट ओपनहाइम या जुळ्या भावांची, सनसेट बुलेव्हार्डवरची. 'सेलिंग सनसेट' २१ मार्च २०१९ रोजी सुरू झाली आणि पहिल्याच हंगामात ती नवी मुलगी म्हणून पडद्यावर आली. हॉलिवूडच्या टेकडीवरचा एक बंगला त्या हंगामात सारखा दिसतो. मागणी चार कोटी डॉलरच्या वर होती. वर्षअखेरीस तो तीन कोटी पंचावन्न लाखांना गेला. एवढ्या मोठ्या सौद्यातही घासाघीस चुकत नाही, हे पाहून आमच्या घरातल्या मोठ्या बायकांना फार समाधान वाटले.

या वाटेने गेलेली ती एकटी नाही. न्यूयॉर्कचा रायन सर्हंट हा 'अ‍ॅज द वर्ल्ड टर्न्स'मध्ये छोटी भूमिका करणारा नट होता. घरांच्या धंद्यातला त्याचा पहिला दिवस १५ सप्टेंबर २००८, म्हणजे लेहमन ब्रदर्स ही बँक बुडाली तोच दिवस. आज त्याची स्वतःची पेढी आहे आणि स्वतःचा टीव्ही कार्यक्रमही. नटाला अनोळखी माणसासमोर उभे राहता येते, नकार पचवता येतो आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा हसता येते. दोन्ही धंद्यांना हेच भांडवल लागते.

आता पुन्हा त्या फोनवरच्या बदललेल्या आवाजाकडे. अमेरिकेत १९६८ साली फेअर हाउसिंग अ‍ॅक्ट झाला. मार्टिन ल्युथर किंग यांच्या हत्येनंतर आठवडाभरातच त्यावर सही झाली. वंश, रंग, धर्म किंवा मूळ देश पाहून घर नाकारणे त्याने बेकायदा ठरले. पुढे स्त्री-पुरुष भेद, अपंगत्व आणि लहान मुले असलेले कुटुंब हेही त्यात आले. घर स्वतः न नाकारता ग्राहकाला गोडीगुलाबीने 'तुमच्या लोकांच्या' वस्तीकडे वळवणे, हेही एजंटासाठी बेकायदा आहे. परवान्याच्या अभ्यासात हा कायदा असतो. म्हणून तिकडे सगळे आलबेल आहे असे मात्र नाही. न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर 'न्यूजडे' या वृत्तपत्राने छुप्या कॅमेऱ्यांनिशी ग्राहक बनवून माणसे पाठवली आणि २०१९ मध्ये निष्कर्ष छापले. काळ्या ग्राहकांना सुमारे निम्म्या चाचण्यांत, ४९ टक्के वेळा, गोऱ्यांपेक्षा वेगळी वागणूक मिळाली होती. आशियाई वंशाच्या ग्राहकांच्या बाबतीत हा आकडा १९ टक्के होता. कायदा आहे म्हणून निदान मोजता आले, छापता आले, एजंटांना जाब विचारता आला. आपल्याकडे मालक 'नाही' म्हणतो आणि आपण चपला घालून परत येतो. आम्हाला ही कथा वाचताना राहून राहून याचाच सल वाटत होता.

लॉस एंजेलिसचे दुसरे चित्रही सांगायला हवे, कारण तो कार्यक्रम ते क्वचितच दाखवतो. २०२० च्या जानेवारीतल्या गणतीत त्या परगण्यात ६६,४३६ माणसे बेघर होती. तंबूत, गाड्यांत, पुलाखाली किंवा निवाऱ्यांत राहणारी. काचेच्या बंगल्यांच्या टेकडीखालीच ही वस्ती. शहराच्या मतदारांनी २०२२ मध्ये एक कर मंजूर केला. एप्रिल २०२३ पासून पन्नास लाख डॉलरवरच्या विक्रीवर चार टक्के आणि एक कोटीवरच्या विक्रीवर साडेपाच टक्के, आणि तो पैसा परवडणाऱ्या घरांसाठी आणि बेघर होऊ घातलेल्या कुटुंबांसाठी. महागडी घरे विकणारे एजंट या करावर वैतागले. सौदे थंडावतात अशी त्यांची तक्रार आहे, आणि ती अगदीच खोटी म्हणता येत नाही. तरी आम्हाला वाटते, ज्या मुलीला एकेकाळी छप्पर नव्हते तिच्याच धंद्यातून आता छपरांसाठी पैसा वळतो आहे. ही गोष्ट कोणी रचून लिहिली असती तर आम्ही विश्वास ठेवला नसता.

प्रसिद्धीची किंमतही तिने मोजली. २०१९ च्या नोव्हेंबरात तिच्या पतीने घटस्फोटाचा अर्ज दाखल केला. ही खबर आपल्याला फोनवरच्या एका संदेशातून कळली आणि तासाभरात सगळ्या जगाला कळली, असे तिने कार्यक्रमातच सांगितले. तिच्या खासगी गोष्टींत आम्हाला शिरायचे नाही. आमच्या संस्कारांत न बसणारे त्यात पुष्कळ आहे आणि तो तिचा मामला आहे. पण रडणाऱ्या बाईच्या तोंडासमोर कॅमेरा तसाच चालू राहतो, हे आम्हाला पाहवले नाही. मुलींनाही आम्ही तेवढा भाग पुढे ढकलायला लावला.

त्याच सुमारास घरात दुसरे संकट होते. एप्रिल २०१९ मध्ये वडील फुप्फुसाच्या कर्करोगाने गेले. मग आईलाही तोच आजार निघाला आणि जुलै २०२० मध्ये तीही गेली. पंधरा महिन्यांत दोघे. त्याच वर्षी 'डेज ऑफ अवर लाइव्ज'मधल्या पाहुण्या भूमिकेसाठी तिला डेटाइम एमी पुरस्काराचे नामांकन मिळाले. म्हणजे जुना धंदा तिने पूर्ण सोडला नव्हता, आणि जुन्या धंद्यानेही तिला पुसून टाकले नव्हते.

२०२१ मध्ये क्रिशेलने हॉलिवूडच्या टेकडीवर स्वतःसाठी घर घेतले, सुमारे तेहेतीस लाख डॉलरना. तिने दुसऱ्यांना दाखवलेल्या बंगल्यांपुढे ते लहानच आहे. कार्यक्रमाच्या चौथ्या हंगामात ते दिसते. पेट्रोल पंपावरून तिचे नाव ठेवणारी आई ते घर पाहायला नव्हती, वडीलही नव्हते.