खांदमळणी आणि बेसबॉलचे गुरुजी

नेर-परसोपंतच्या परिसरात पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलांचे खांदे लोण्या-हळदीने चोळावयाचे आणि पोळ्याला त्यांच्या मानेवर जू म्हणून ठेवावयाचे नाही, हा शिरस्ता निष्ठेने पाळणारा गृहस्थच, शाळेच्या क्रीडाशिक्षकाने सराव थांबवून पोरांना लगोरी खेळू दिली, की शिस्त बुडाली म्हणून कुरकुरतो.

त्याचा पहिला समज असा, की काम करून मन विटणे म्हणजे अंगचोरपणा. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ मध्ये या अवस्थेची नोंद केली ती रोग म्हणून नव्हे, तर कामाचा दीर्घ ताण नीट न हाताळल्याने उद्भवणारी स्थिती म्हणून. शक्तिक्षय, कामाविषयी तिटकारा आणि कार्यक्षमतेचा ऱ्हास ही तिची लक्षणे.

दुसरा समज असा, की गंमत करू देणारा गुरू ढिला असतो. याची रुजुवात अमेरिकेच्या जो मॅडन यांच्या कारकिर्दीवरून करावी. १९७५ मध्ये एंजल्स या बेसबॉल संस्थेत दाखल झालेला हा कॅचर खेळाडू म्हणून सर्वोच्च श्रेणीत कधीच पोहोचला नाही. मात्र त्याच संस्थेत सुमारे तीस वर्षे खेळाडू, पारखी आणि शिक्षक म्हणून उमेदवारी करून तो टँपा बे संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला, तेव्हा सहा महिन्यांत १६२ सामने खेळणाऱ्या माणसाचे मन नेमके केव्हा विटते, हे त्याला कोणी सांगावे लागत नव्हते. पराभवांची मालिका चालू असता त्याने पुढे शिकागो कब्ज संघाच्या खोलीत जादूगार आणला, साऱ्या चमूला झोपण्याच्या कपड्यांत विमानप्रवास घडविला. आधीच्या टँपा बेच्या खेळाडूंना तर पेंग्विन भेटविला! (आमच्याकडे एवढ्यावर चौकशी समिती बसली असती.) तो टँपा बे संघ २००७ मध्ये ६६ सामने जिंकला होता, २००८ मध्ये ९७ जिंकला, आणि कब्जने २०१६ मध्ये १०८ वर्षांनी जगज्जेतेपद मिळविले.

खेळकरपणा पोरकट असतो, असे वऱ्हाडात तरी कोणी म्हणू नये. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने १९३६ मध्ये बर्लिनला जाऊन आपले देशी खेळ जगाला दाखविले, ते पोरखेळ म्हणून नव्हे.

उरला तिसरा समज, भाबड्यांचा: गंमत केली की यश हमखास. मॅडन पुढे आपल्या जुन्या एंजल्सकडे मुख्य प्रशिक्षक म्हणून परतले; २०२२ च्या मे-जूनमध्ये तो संघ सलग १२ सामने हरला, तेव्हा खेळाडूंना हसविण्यासाठी मॅडन यांनी डोक्यावर मधोमध तुरा राखून बाजूचे केस उतरविले. तो तुरा संघाने पाहण्यापूर्वीच त्यांना बडतर्फीचा हुकूम मिळाला. संघ त्यानंतर आणखी दोन सामने हरला.