थिबा राजाच्या आठवणी जपणारा माहितीपट

महाड-पोलादपूरकरांनो, कशेडी उतरून रत्नागिरीला गेलात की थिबा पॅलेस बघताच ना? ब्रह्मदेशाच्या या शेवटच्या राजाला इंग्रजांनी 1885 मध्ये पदच्युत केलं, 1886 मध्ये रत्नागिरीत आणून ठेवलं. पॅलेस तयार झाला 1910 मध्ये, 1916 मध्ये राजा इथेच वारला. म्हणजे तीस वर्षांची नजरकैद आणि या वाड्यात जेमतेम सहा वर्षं!

अॅलेक्स बेस्कोबी या ब्रिटिश दिग्दर्शकाने राजाच्या वंशजांना गाठून 2017 मध्ये ‘वी वेअर किंग्ज’ हा माहितीपट केला. फार मोलाचं काम. राजाची नात टूटू तर रत्नागिरीतच राहिली, मराठी बोलणारी, पुरती इथलीच झालेली. पुढच्या खेपेला पॅलेसबरोबर शिवाजीनगरातली राजाची समाधीही जरूर पाहा.