भिंतीपलीकडची बातमी

16 मार्च 1985, शनिवार. टेनिस खेळून परतताना टेरी अँडरसन यांनी सोबतच्या छायाचित्रकाराला पश्चिम बैरूतमधल्या त्याच्या घराशी सोडलं. तिथेच हिरव्या मर्सिडीजमधून उतरलेल्या बंदूकधाऱ्यांनी त्यांना ओढून नेलं. असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेचे ते मध्यपूर्वेतले मुख्य वार्ताहर. सुटले 4 डिसेंबर 1991ला, म्हणजे 2,454 दिवसांनी. मला कुतूहल आहे ते एवढ्याचंच: बातमी हाच ज्याचा श्वास, त्याच्यापर्यंत या काळात बातमी पोहोचत कशी होती?

आधी कोठडी समजून घेऊ. हाताला किंवा पायाला साखळी. पहारेकरी आत आला की डोळ्यांवरची पट्टी खाली ओढायची, कारण त्याचा चेहरा पाहणं जिवावर बेतू शकतं. शौचाला दिवसातून एकदा. जागा बदलायची असली की ओलिसाला डोक्यापासून पायापर्यंत चिकटपट्टीने गुंडाळायचं आणि ट्रकच्या तळाच्या चोरकप्प्यात आडवं सरकवायचं. आपण कुठे आहोत, ही पहिली बातमीच अशी हिरावली जाते. अँडरसन यांनी चंदेरी कागद वळून बुद्धिबळाच्या सोंगट्या केल्या, त्याही काढून घेतल्या गेल्या. एकदा तर त्यांनी हताश होऊन भिंतीवर डोकं आपटून घेतलं, रक्त येईपर्यंत.

पण भिंत बोलूही शकते. चर्च ऑफ इंग्लंडचे दूत टेरी वेट ओलिसांच्या सुटकेची बोलणी करायला बैरूतला आले आणि जानेवारी 1987मध्ये स्वतःच ओलीस झाले. जवळजवळ चार वर्षं ते एकटे होते. शेजारच्या खोलीत अँडरसन, बैरूतच्या अमेरिकन विद्यापीठातले प्राध्यापक टॉम सदरलँड आणि ब्रिटिश पत्रकार जॉन मॅकार्थी. दोन्ही खोल्यांमधला संवाद सुरू झाला तो बोटाच्या टकटकीने. इंग्रजी मुळाक्षरांत ए म्हणजे एक ठोका, बी म्हणजे दोन, असं करत झेडला सव्वीस. हिशोब करून पाहा: नुसतं ‘टेरी’ सांगायला 86 ठोके, ‘वेट’ला आणखी 58. एक ठोका चुकला की अक्षर बदललं, आणि पहारेकऱ्याची चाहूल लागली की सगळंच थांबलं. शेजारच्यांकडे रेडिओ होता. त्यांनी ऐकलेलं जग असं एकेक अक्षर करून वेट यांच्या भिंतीतून पाझरत गेलं. बातमीदारीचा इतका शुद्ध नमुना मला दुसरा ठाऊक नाही. इथे एकेका अक्षराला मोल होतं, त्यामुळे फापटपसाऱ्याला जागाच नव्हती.

बाहेर काय चाललं होतं, ते थोडक्यात. पळवून नेणाऱ्यांनी ‘इस्लामिक जिहाद’ हे नाव घेतलं होतं. इराणच्या पाठबळावर लेबनॉनमध्ये उभ्या राहिलेल्या हिजबुल्लाह या संघटनेशी जोडलेला हा गट. कुवेतमधल्या 1983च्या बॉम्बस्फोटांसाठी तुरुंगात टाकलेले 17 जण सोडा, ही त्यांची मुख्य मागणी. अमेरिकेने इराणला गुपचूप शस्त्रं विकली, काही ओलीस सुटले, आणि 1986मध्ये ते बिंग फुटलं. ऑगस्ट 1990मध्ये इराकने कुवेत घेतलं, त्या धामधुमीत ते कैदी तुरुंगाबाहेर पडले. ज्या मागणीसाठी माणसं डांबली, ती मागणीच उरली नाही. मग संयुक्त राष्ट्रांचे जांदोमेनिको पिको वाटाघाटींसाठी बैरूतला गेले आणि अपहरणकर्त्यांच्या ताब्यात स्वतःला देऊन, डोक्यावर बुरखा ओढून घेऊन, त्यांच्या अड्ड्यावर बोलायला बसले. मला या सगळ्या प्रकरणात तो माणूस सर्वांत धाडसी वाटतो.

अँडरसन कैदेत असताना त्यांचे वडील आणि भाऊ कर्करोगाने गेले. अपहरणानंतर तीनेक महिन्यांनी मुलगी जन्मली, सुलोम. वडिलांना ती पहिल्यांदा भेटली तेव्हा सहा वर्षांची होती. पुढे तीही पत्रकार झाली, लेबनॉनला गेली, आणि आपल्या वडिलांना कोणी, कशासाठी नेलं, हे विचारत माणसांची दारं ठोठावत फिरली.