चेंडू पायाला लागला म्हणून…

बास्केटबॉलमध्ये चेंडू पायाला लागला की प्रेक्षकांतून हमखास ‘किक, किक!’ असा ओरडा होतो. पण फिबाच्या (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघ) नियमानुसार चेंडू मुद्दाम लाथाडणे किंवा पायाने अडवणे हाच नियमभंग. यात मांडीपासून पावलापर्यंतचा सगळा पाय आला. चुकून लागला तर खेळ चालू राहतो. पिशवीतून घरंगळलेला कांदा पायाला लागला तर घरात कोणी काही म्हणत नाही. पाय आडवा घालून थांबवला, तर आजी रागावते. पंचही तेच बघतात: पाय चेंडूकडे गेला, की चेंडू पायाकडे आला? ठरवणे सोपे नसते, हे मान्य. मुद्दाम असेल तर चेंडू प्रतिस्पर्ध्यांकडे, रेषेबाहेरून आत टाकायला. मात्र हा फाउल नव्हे. खेळाडूच्या 5 फाउलांत तो धरला जात नाही.