नखांतलें अंजन

दूरचें, गतकाळचें अथवा पुढें घडणारें बसल्या जागीं दिसावें, ही मनुष्याची हांव फार जुनी आहे. आमच्या महाराष्ट्रांत या हांवेनें ज्या साधनाची कल्पना केली तें म्हणजे अंजन. पायाळू, म्हणजे पायांकडून जन्मलेल्या मनुष्याच्या डोळ्यांत तें घातलें असतां त्यास भूमीच्या पोटांतील गुप्तधन दिसतें. आणि लहान मुलाच्या अंगठ्याच्या नखास फांसलें असतां चोराचें मुख त्या नखांत उमटतें, असा समज आहे. गोंडपिपरीसारख्या रानालगतच्या गांवीं आमचें आयुष्य गेलें. हा समज आम्हीं केवळ पुस्तकांत वाचलेला नाहीं.

आम्ही सात-आठ वर्षांचे असतां घरांत सोन्याची पाटली हरवली. एका मांत्रिकास पाचारण झालें. त्यानें आमच्या नखास तेल व काजळ फांसून आम्हांस समईजवळ बसविलें व एकटक पाहण्यास सांगितलें. "बाळ, अंगण दिसलें काय? कोणी झाडतें आहे काय? आतां बाई आली काय? कोण ती?" समईची ज्योत नखांत हालत होती. आजी, काका, थोरली काकू श्वास रोखून उभीं होतीं. सकाळपासून माजघरांत एकच नांव कुजबुजलें जात होतें. तेंच आम्हीं उच्चारलें. भांडीं घासावयास येणाऱ्या त्या बाईचें काम त्याच दिवशीं सुटलें. पुढें दिवाळीच्या सुमारास तांदळाची कणगी उपसतांना पाटली तळाशीं सांपडली. वडील स्वतः बोलावण्यास गेले. ती आली नाहीं.

आम्ही खोटें बोललों असें त्या वेळीं आम्हांस वाटलें नव्हतें. नखांत तिचें मुख दिसल्याचा भास खरोखरच झाला होता. मंद उजेड, काळा चकचकीत पृष्ठभाग व ताणलेली नजर यांमुळें डोळ्यांस जें अर्धवट भासतें त्यास मन आकार देतें, आणि तो आकार प्रश्न विचारणारा पुरवितो. इटलींतील मानसशास्त्रज्ञ जियोव्हानी कापुटो यांनीं २०१० सालीं असें दाखविलें कीं, मंद प्रकाशांत आरशांतील स्वतःच्या मुखाकडे थोडा वेळ एकटक पाहिलें तरी पुष्कळांस परके व विद्रूप चेहरे दिसूं लागतात. या मोहास विद्वानही सुटले नाहींत. सोळाव्या शतकांतील इंग्रज गणिती जॉन डी याचा म्हणून सांगितला जाणारा काळ्या ज्वालामुखी-काचेचा आरसा लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममध्यें आहे. तो दगड मूळ मेक्सिकोंतील, असें २०२१ सालच्या तपासणींत ठरलें. मौज अशी कीं, दर्शनासाठीं डी हा एडवर्ड केली नामक दुसऱ्याच मनुष्याच्या डोळ्यांवर विसंबून असे.

मग खऱ्या दृष्टीची ओळख कोणती? भीष्मपर्वांत व्यासांनीं धृतराष्ट्रास युद्ध पाहण्यासाठीं दृष्टि देऊं केली. स्वजनांचा वध पाहावयाचा नाहीं म्हणून त्यानें ती नाकारली, व ती संजयास मिळाली. त्या दृष्टीनें राजास हवें होतें तें कधींच दाखविलें नाहीं. जें घडलें तेंच संजयानें सांगितलें.

गतकाळ असा निःस्पृहपणें पाहिल्याचें एक उदाहरण आमच्या दक्षिणेसच आहे. सिरोंचा तालुक्यांत, प्राणहिता-गोदावरीच्या खोऱ्यांत, १९६० च्या सुमारास प्रचंड हाडें उकरण्यांत आलीं. कोट्यवधि वर्षांपूर्वींच्या एका शाकाहारी प्राण्याचीं तीं हाडें. रवींद्रनाथ ठाकुरांचें स्मरण ठेवून १९७५ सालीं त्यास 'बारापासॉरस टागोराय' हें नांव देण्यांत आलें. त्याचा सांगाडा कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेंत उभा आहे. तेथें मंत्र कोणी म्हटला नाहीं. हाडास हाड ताडून पाहिलें. कवटी मिळाली नाहीं, कांहीं दांत तेवढे मिळाले, आणि शास्त्रज्ञांनीं तसेंच लिहून ठेविलें. न दिसलेलें न दिसलें म्हणून सांगणें, हें त्या अंजनास कधीं साधलें नाहीं.

गुप्तधनाच्या शोधार्थ अघोरी कृत्यें करणें हा महाराष्ट्रांत २०१३ च्या कायद्यानें गुन्हा ठरला असून त्यास सहा महिने ते सात वर्षे कारावास सांगितला आहे. परंतु माजघरांतील कुजबुजीस कायदा कोठून गांठणार? तें काम घरांतील वडीलधाऱ्यांचेंच. आमच्या घरीं आतां असा दंडक आहे कीं, वस्तु हरवली तर आधीं कणग्या, डबे व अंथरुणें झाडून पाहावीं, आणि तोंवर कोणाचेंही नांव मुलांच्या कानीं पडूं देऊं नये. नातवंडें कारण विचारतात, तेव्हां आम्ही त्यांस ही पाटलीची हकीकत सांगतों. "मला कांहीं दिसत नाहीं," एवढेंच त्या दिवशीं म्हणावयाचें होतें. त्या बाईची क्षमा मागणें मात्र राहून गेलें.