चेंडू हवेत ठेवण्याची विद्या

अमेरिकी फुटबॉलमध्ये चेंडू ज्या संघाच्या ताब्यात असतो, त्याला दहा यार्ड, म्हणजे सुमारे नऊ मीटर, पुढे सरकण्यासाठी चार संधी मिळतात आणि अशा प्रत्येक संधीला ‘डाउन’ म्हणतात. चौथी संधीही वाया गेली तर चेंडू आहे त्याच जागी प्रतिस्पर्ध्याच्या हाती जातो, आणि ती जागा स्वतःच्या गोलरेषेजवळ असली तर समोरच्या संघाला गुण मिळवणे फारसे अवघड राहत नाही. म्हणून पहिल्या तीन संधींत काम झाले नाही की बहुतेक संघ पुढे जाण्याचा हट्ट सोडतात आणि हातातून सोडलेला चेंडू जमिनीला टेकण्याआधीच पायाने उंच आणि दूर धाडतात. या किकला ‘पंट’ आणि ती मारणाऱ्या खेळाडूला ‘पंटर’ म्हणतात. ताबा जाणारच असेल तर तो निदान सोयीच्या जागी जावा, एवढ्यासाठी संघात स्वतंत्र माणूस ठेवला जातो, आणि या एका कामावर काही खेळाडूंनी वीस-वीस वर्षांची व्यावसायिक कारकीर्द उभी केली आहे.

अशा कारकिर्दीचे मोल किक किती लांब गेली यावरच ठरत असेल, असा समज सहज होतो; प्रत्यक्षात लांबी हा हिशेबाचा अर्धाच भाग असतो. मैदानाच्या दुसऱ्या बाजूला प्रतिस्पर्ध्याचा ‘रिटर्नर’ चेंडू झेलायला उभा असतो, झेल घेताच तो उलट दिशेने धावत सुटतो, आणि त्याला वेळीच रोखायचे तर पंटरचे सहकारी तोवर तिथे पोहोचलेले असावे लागतात. नॅशनल फुटबॉल लीगच्या, म्हणजे एनएफएलच्या, नियमानुसार किक होण्यापूर्वी पुढे धावण्याची मुभा रांगेच्या दोन टोकांवरच्या खेळाडूंनाच असते, त्यांना ‘गनर’ म्हणतात. बाकीच्यांना चेंडू पायातून सुटेपर्यंत थांबावे लागते. साहजिकच चेंडू जितका वेळ हवेत राहील तितकी या साऱ्यांना सवड मिळते. या वेळेला ‘हँग टाइम’ असे नाव आहे. चांगल्या पंटरचा हँग टाइम साडेचार सेकंदांच्या आसपास असतो आणि उत्तम साधलेली किक पाच सेकंदांपर्यंत जाते. मायामीचे पंटर रेजी रोबी तर मनगटावर घड्याळ बांधून खेळत आणि आपल्या किकचा वेळ मोजत.

साडेचार सेकंद हवेत राहायचे, तर हवेचा विरोध बाजूला ठेवून केलेल्या हिशेबाप्रमाणे चेंडूला वरच्या दिशेने सेकंदाला सुमारे २२ मीटरचा वेग लागतो आणि तो २५ मीटरच्या आसपास उंची गाठतो. पायातून मिळणारा एकूण वेग मर्यादित असल्यामुळे उंचीसाठी वापरलेला वेग लांबीच्या वाट्यातून वजा होतो. जास्तीत जास्त पल्ला ४५ अंशांच्या आसपासच्या कोनात मिळतो, हे शाळेच्या भौतिकशास्त्रात शिकवले जाते; पंटर मात्र त्याहून चढा कोन निवडतो आणि हाताशी असलेले काही यार्ड जाणूनबुजून सोडून देतो. ६० यार्ड गेलेली सपाट किक रिटर्नरला मोकळे रान देते, तर ४५ यार्डांवर उंचावरून उतरणारी किक त्याला हात वर करून ‘फेअर कॅच’ घ्यायला, म्हणजे पुढे धावण्याचा हक्क सोडून निर्धोक झेल घ्यायला, भाग पाडते. नोंदवहीत पहिली किक मोठी दिसत असली तरी संघाच्या उपयोगाची दुसरी असते, आणि म्हणूनच किकची नुसती लांबी आणि रिटर्नरने परत मिळवलेले अंतर वजा करून उरणारी ‘नेट’ लांबी, असे दोन वेगळे आकडे ठेवले जातात.

हे सारे साधायला पंटरला मिळणारा अवधी फारच थोडा असतो. रांगेतला ‘लाँग स्नॅपर’ दोन पायांमधून चेंडू मागे फेकतो, तो सुमारे १५ यार्ड कापून पाऊण सेकंदात पंटरच्या हाती येतो, आणि स्नॅपपासून किकपर्यंतचा सगळा व्यवहार साधारण दोन सेकंदांत उरकला नाही तर धावून आलेले प्रतिस्पर्धी चेंडू अडवतात. उरलेल्या सव्वा सेकंदात चेंडू पकडायचा, शिवण नको त्या बाजूला असेल तर तो हातातच फिरवायचा, दीड-दोन पावले टाकायची आणि चेंडू सोडायचा. पायाच्या हालचालीत आधी मांडी वेग घेते, मग ती मंदावत असताना गुडघ्याखालचा भाग वेगाने पुढे येतो, आणि पाऊल चेंडूला लागते तेव्हा दोघांचा स्पर्श सेकंदाच्या जेमतेम शंभराव्या भागाइतका टिकतो. या स्पर्शात चूक सुधारायला वाव नसतो, त्यामुळे जाणकार पंटर पायाच्या ताकदीपेक्षा हाताकडे अधिक लक्ष देतात. चेंडू किंचित आत वळलेला, टोक थोडे खाली झुकलेले, आणि हातातून स्वतःभोवती न फिरता सुटलेला असेल तरच तो पावलाच्या वरच्या कठीण भागावर हवा तसा बसतो.

चेंडू हातातून सुटल्यावर पायाला लागेपर्यंत तो कोणाच्याच ताब्यात नसतो, आणि त्या क्षणात काय घडू शकते हे ५ जानेवारी १९८६ रोजी शिकागोच्या सोल्जर फील्ड मैदानावर दिसले. न्यूयॉर्क जायंट्सचे पंटर शॉन लँडेटा स्वतःच्या गोलरेषेजवळून किक मारत असताना वाऱ्याने पडता चेंडू बाजूला सरकवला, पाय त्याला निसटता लागला, आणि शिकागो बेअर्सच्या शॉन गेल यांनी तो पाच यार्डांवर उचलून थेट गोलरेषेपार नेला. जायंट्स तो बाद फेरीचा सामना २१-० असा हरले. एवढ्या मोठ्या सामन्यात अशी नामुष्की पदरी आल्यावर दुसरा कोणी खचला असता. लँडेटा पुढच्याच मोसमात सुपर बोल, म्हणजे अजिंक्यपदाचा सामना, जिंकणाऱ्या संघात होते आणि २००५ पर्यंत एनएफएलमध्ये खेळत राहिले.

हवेत गेल्यावर चेंडूचे भवितव्य त्याच्या फिरकीवर अवलंबून असते. दोन्ही टोकांना निमुळता असलेला हा चेंडू सुमारे २८ सेंटिमीटर लांब आणि मध्यभागी १७ सेंटिमीटर जाड असतो. टोक पुढे ठेवून तो उडाला तर हवेचा विरोध कमी होतो, आडवा पडला तर कित्येक पटींनी वाढतो. पाऊल चेंडूच्या पोटावरून तिरके घासून गेले की तो लांबीच्या अक्षाभोवती वेगाने फिरू लागतो, आणि फिरता भोवरा जसा कलंडत नाही तसा हा अक्षही स्थिर राहतो. मात्र अक्ष अगदीच स्थिर राहिला तर चेंडू चढताना वर असलेले टोक उतरतानाही वरच राहील आणि चेंडूचे पोट वाऱ्याला भिडेल. प्रत्यक्षात हवेचा दाब टोकाला ढकलू पाहतो, फिरकीमुळे अक्ष त्या ढकलण्याच्या काटकोनात हलतो, म्हणजेच त्याला ‘परांचन’ गती मिळते, आणि तो उड्डाणाच्या दिशेभोवती लहान वर्तुळे काढत हळूहळू खाली वळतो. उत्तम पंटमध्ये माथ्यावर पोहोचल्यावर टोक नीट खाली वळलेले दिसते. ते वळले नाही तर किक आखूड पडते. याच गतीमुळे चेंडू थोडा बाजूलाही सरकतो, आणि डावखुऱ्या पायाच्या पंटरची फिरकी उलटी असल्याने हे सरकणेही उलट्या दिशेने होते. बहुतेक पंटर उजव्या पायाचे असल्यामुळे ही दिशा रिटर्नरच्या सवयीची नसते, आणि डावे पंटर संघांना हवेसे वाटण्याचे ते एक कारण आहे.

या विद्येचा सर्वांत मोठा आचार्य म्हणून रे गाय यांचे नाव घेतले जाते, आणि ते रास्तच आहे. १९७३ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे महाविद्यालयीन खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, ओकलंड रेडर्सने त्यांना पहिल्याच फेरीत घेतले. तोपर्यंत कोणत्याही पंटरला हा मान मिळाला नव्हता. १९८६ पर्यंतच्या १४ मोसमांत ते २०७ सामने खेळले आणि तीन सुपर बोल विजयांत सहभागी झाले. जानेवारी १९७६ मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या सुपरडोममध्ये त्यांची एक किक छताखाली टांगलेल्या दूरचित्रवाणी पडद्यावर जाऊन आदळली. पुढच्या वर्षी ह्यूस्टनच्या गोटातून त्यांच्या चेंडूत हेलियम भरलेला असावा असा संशय व्यक्त झाला आणि चेंडू तपासून घेण्यापर्यंत गोष्ट गेली.

हा संशय भौतिकशास्त्राच्या कसोटीवर टिकत नाही. चेंडूच्या पोकळीत दाबाने भरलेल्या हवेचे वस्तुमान जेमतेम दहा ग्रॅमच्या आसपास भरते, त्याऐवजी हेलियम भरला तर सुमारे आठ ग्रॅम वाचतात, आणि ४०० ग्रॅमहून जड चेंडूच्या दृष्टीने हा फरक दोनच टक्क्यांचा असतो. शिवाय हलका चेंडू पायातून किंचित वेगाने सुटला तरी हवेच्या विरोधाने लवकर मंदावतो, त्यामुळे मिळालेला लाभ वाटेतच बराचसा संपतो. रे गाय यांच्या किकची उंची त्यांच्या पायाचीच होती. तरीही त्यांची सरासरी ४२.४ यार्ड इतकीच भरते, हँग टाइमची त्या काळी अधिकृत नोंद नसे, आणि बहुधा या दोन्ही कारणांनी त्यांना हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळायला २०१४ साल उजाडले. केवळ पंटर म्हणून तिथे पोहोचलेले ते पहिलेच खेळाडू ठरले.

एनएफएलमध्ये ३२ संघ आहेत आणि प्रत्येक संघ बहुधा एकच पंटर ठेवतो, म्हणजे या व्यवसायात जगातल्या सर्वोच्च पातळीवर जागा साधारण ३२ एवढ्याच. अनेक पंटर ड्राफ्टमध्ये निवडलेही जात नाहीत; ते चाचणीला येतात, कोणाची तरी जागा घेतात, आणि दोन-तीन वाईट सामन्यांनंतर त्यांच्या जागी दुसरा चाचणीला येतो. जागा टिकवायला त्यांना दुसरे कामही चोख करावे लागते, ते म्हणजे गोलखांबांमधून किक मारणाऱ्या सहकाऱ्यासाठी स्नॅप पकडून चेंडू जमिनीवर टोकावर उभा धरणे. मात्र एकदा जम बसला की धडकाधडकीपासून दूर असलेले शरीर दीर्घकाळ साथ देते. ड्राफ्टमध्ये निवड न झालेले जेफ फीगल्स १९८८ पासून २००९ पर्यंत २२ मोसम खेळले, त्यांनी एकही सामना न चुकवता सलग ३५२ सामने पुरे केले आणि चाळिशी ओलांडल्यावर सुपर बोल जिंकला. धोका अगदीच नसतो असे नव्हे. २०२२ मध्ये पदार्पणाच्याच मोसमात ५३.१ यार्डांची सरासरी गाठून सॅमी बॉ यांचा १९४० पासूनचा ५१.४ यार्डांचा विक्रम मोडणारे टेनेसीचे रायन स्टोनहाउस डिसेंबर २०२३ मध्ये किक अडवली जात असताना गुडघ्याच्या गंभीर दुखापतीने जायबंदी झाले.

गेल्या तीन दशकांत या कलेला नवे वळण मिळाले ते ऑस्ट्रेलियातून. तिथल्या ‘ऑस्ट्रेलियन रूल्स’ फुटबॉलमध्ये चेंडू फेकण्याची मुभा नसते. तो मुठीने ठोकून किंवा पायाने मारूनच सहकाऱ्याकडे द्यावा लागतो, त्यामुळे लहानपणापासून धावता धावता, अंगावर कोणी येत असताना नेमकी किक मारण्याचा सराव होतो. १९९५ मध्ये सॅन दिएगो चार्जर्सकडून पदार्पण करणारे डॅरेन बेनेट यांनी तिथली ‘ड्रॉप पंट’ एनएफएलमध्ये रुजवली. या किकमध्ये चेंडू लांबीच्या अक्षाभोवती न फिरता टोकावरून टोकावर मागे गिरक्या घेतो. पल्ला कमी मिळतो, पण जमिनीवर पडल्यावर चेंडू पुढे न घरंगळता थांबतो किंवा मागे उसळतो. प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेजवळ मारताना याचे महत्त्व फार, कारण चेंडू गोलरेषेपलीकडे गेला तर ‘टचबॅक’ होतो आणि प्रतिस्पर्ध्याला २० यार्डांवरून सुरुवात मिळते. तोच चेंडू पाच यार्डांवर थांबला तर त्यांना पंधरा यार्ड अधिक कापावे लागतात. मेलबर्नमध्ये २००७ मध्ये नेथन चॅपमन यांनी ‘प्रोकिक ऑस्ट्रेलिया’ ही प्रशिक्षण संस्था सुरू केली, आणि अमेरिकेतील सर्वोत्तम महाविद्यालयीन पंटरला रे गाय यांच्या नावाने दिला जाणारा पुरस्कार २०१३ ते २०१७ अशी सलग पाच वर्षे ऑस्ट्रेलियन खेळाडूंनीच पटकावला.

याच काळात पंटची गरजच किती, हा प्रश्नही पुढे आला. बर्कली येथील अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड रोमर यांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या शोधनिबंधात आकडेवारीच्या आधारे दाखवले की चौथ्या संधीत संघ गरजेपेक्षा अधिक सावध राहतात आणि किक मारण्याऐवजी पुढे जाण्याचा प्रयत्न अधिक वेळा करणे त्यांच्या हिताचे असते. प्रशिक्षकांनी हा विचार हळूहळू स्वीकारला, विशेषतः मैदानाच्या मध्याजवळ आणि एक-दोन यार्डच कमी पडत असताना. उरलेल्या पंटमध्ये स्वतःच्या गोलरेषेकडून, पूर्ण ताकदीने माराव्या लागणाऱ्या किकचे प्रमाण त्यामुळे वाढते आणि लांबीच्या सरासरीलाही हातभार लागतो. आजच्या पंटरची तुलना रे गाय यांच्या पिढीशी करताना हा बदल हिशेबात धरावाच लागतो.